भुशाचा उतार

दिवाळीत स्केटबोर्डला बसवलेल्या चारही चाकांचा व्यास बावन्न मिलिमीटर होता. आज मागचं उजवं चाक एकोणपन्नास भरलं, डावं एक्कावन्न. दुर्गेश्वरीने दोन्ही पुन्हा मोजली. आकडे तेच आले. डाव्या गुडघ्यावर भार द्यायचं ती टाळत होती, म्हणून उजवी बाजू जास्त झिजली होती. डॉक्टरांनी वर्षापूर्वीच सांगितलं होतं, आता थांबा. ते तिने कुणालाच कळू दिलं नव्हतं.

तिने स्केटबोर्ड खाली ठेवला आणि ती त्यावरून राईस मिलच्या अंगणात परत फेऱ्या मारायला लागली.

धान वाळवायच्या याच सिमेंटवर शिकून ती स्केटबोर्डिंगमध्ये तीनदा देशात पहिली आली होती. मग मिलमागच्या भुशाच्या ढिगावर स्नोबोर्डचा सराव करून तिने काश्मीरच्या बर्फावर दोन पदकं मिळवली. तिच्या गावाने, दवनीवाड्याने, तोवर बर्फ फक्त गोळ्याच्या गाडीवर पाहिला होता.

यंदा तिच्या क्लबला काश्मीरच्या स्पर्धेसाठी एकच जागा मिळाली होती. नाव आज संध्याकाळी पाचच्या आत कळवायचं होतं. चार वाजून दहा मिनिटं झाली होती.

"दुर्गे, का ठरलं?" मिलमालक चुन्नीलालकाकांनी विचारलं. तिच्या सरावासाठी ते दर हिवाळ्यात भुसा विकायचे थांबत. "वीटभट्टीचा ट्रकवाला सकाळपासून डोकं खाऊन राहिला. तू जात असशील तं ढीग ठेवतो, नाही तं भरू देतो."

"पाचपर्यंत थांबा न, काका."

"थांबतो. पन तू तं बस एका जागी! घाण्याच्या बैलावानी फिरून राहिली."

तेवढ्यात तिचे वडील मोहनलाल मोटारसायकलवरून उतरले. "साऱ्या कामठा गावाले सांगून आलो, पोरगी बर्फावर चालली म्हनून!"

"इचारल्याबिगर कायले सांगता, बाबूजी?"

"त्यात इचारायचं का? दरसाली जातेस."

ढिगावरून रुचिका स्नोबोर्डवर सरसर खाली आली. पंधरा वर्षांची, क्लबमधली सगळ्यात चपळ मुलगी. तिचे दोन्ही गुडघे सारखेच वाकत होते.

"ताई, डावीकडचं वळण दाखवा न एकडाव!"

नाही म्हणायला कारण सापडेना. दुर्गेश्वरी वर चढली, पट्टे आवळले, निघाली. अर्ध्या उतारावर वळताना गुडघा आतल्या आत सरकला आणि ती भुशात बसली.

"वा रे चॅम्पियन!" काका हसले. "काश्मीरात अशी नको बसजो, कुल्फी होईल!"

मोहनलालही हसले. रुचिका हसली नाही. ती जवळ आली आणि हळूच म्हणाली, "ताई, पाय दुखते न? दिवाळीपासून तुमी डावीकडं वळतच नाही. मले वाटलं, तुमी सांगसाल."

"मंग विचारलं काऊन नाही?"

"तुमी रागावल्या असत्या."

खरं होतं. दुर्गेश्वरी पट्टे सोडू लागली. दुसरा पट्टा तीनदा निसटला. अंगणात ट्रकचं इंजिन सुरू झालं. वाट पाहून कंटाळलेल्या ट्रकवाल्याचे दोन मजूर फावडी घेऊन ढिगाकडे निघाले. पाचला दहा मिनिटं कमी.

ती उठली, उजव्या पायावर भार देऊन. आता लपवलं नाही.

"काका, ट्रक परत पाठवा. भुसा राहू द्या, रुचिकाले सराव लागन." मग ती वडिलांकडे वळली. "बाबूजी, माझा गुडघा गेला. वरीस झालं. मी आता स्पर्धेत उतरत नाही. काश्मीरले रुचिका जाईल."