फटी बुजल्या, मी आतच

मी न्हाणीघराच्या खिडकीतली कोळीण बोलतेय. आवाज दबका वाटला तर माफ करा, तोंडात माझी अंडी आहेत. आमच्या जातीत आई अंड्यांचं गाठोडं तोंडात धरूनच हिंडते. पिल्लं बाहेर येईपर्यंत खाणं नाही, पिणं नाही. तेव्हा मी चावेन ही भीती तर सोडूनच द्या!

माझा जन्म याच घरात, गिझरच्या मागे झाला. किती डास फस्त केले मी इथले! पण कौतुक कुणाला? घरच्या बाईंना मी मनातल्या मनात वहिनी म्हणते, आणि मला पाहिलं की त्या अशा किंचाळतात की शेजारचं कुत्रं भुंकायला लागतं.

आज सकाळपासून माझा जीव टांगणीला लागलाय. वहिनींचे यजमान हातात सिलिकॉनची नळी घेऊन एकेक फट बुजवत सुटलेत.

"अहो, ती कोपऱ्यातली राहिली!"

"अगं, यातून सुई जायची नाही."

"सुई जाऊ नाहीतर राहू दे, कोळी जातो ना!"

त्या फटीत मीच होते. नळीचं टोक जवळ आलं. बाहेर पडावं तर वारा असा सुटलेला, की अंडी गेलीच म्हणून समजा. मी आत न्हाणीघरात शिरून छताला चिकटले आणि मागे फट बंद झाली.

तोच झाडू आला. वहिनींनी भीतीनं डोळे घट्ट मिटून तो छतावरून फिरवला. माझे दोन पाय त्यात अडकून तुटले. बाई गं, काय कळ आली! पण तोंड उघडलं नाही.

"झालं एकदाचं!" वहिनी म्हणाल्या. "आता घरात एकही कोळी नाही."

"आता कोणी आत आलं तर नाव बदलीन," यजमान म्हणाले.

आत येणार नाही हो कोणी, पण आत आहे तिचं काय? सगळं बुजवण्याआधी एकदा बघायचं तरी होतं! आता मला जायला वाटच उरली नाही.

तोंडात वळवळ सुरू झालीय. पहिलं पिल्लू बाहेर आलं, केसाहून बारीक पायांचं. पाठोपाठ दुसरं. मला आनंदानं रडू येतंय, आणि खाली वहिनी हात धुतायत.

वहिनी, माझं काय करायचं ते करा. पण थोडी उसंत द्या, एवढी सगळी सुखरूप बाहेर पडू देत.

अगं बाई! त्यांनी वर पाहिलं. झाडूकडे हात गेला. मला अजून पळता येईल, पण अर्धी पिल्लं तोंडातच आहेत, पळाले तर गळून पडतील. मी हलणार नाही.