मागे राहण्याची युक्ती

आरेसिबो गावच्या बाजारातल्या ‘गालाक्सिया’ नावाच्या व्हिडिओ गेम पार्लरमध्ये विग्बेर्तोला सगळे ‘प्रोफे’ म्हणत, आणि तो शब्द कानावर पडला की नेरेइदाच्या कपाळावर आठी चढे. प्रोफेसर म्हणे! बुटांच्या दुकानात गिऱ्हाइकांच्या पायात बूट चढवणारा एकतीस वर्षांचा बाप्या, केसांना बोटभर जेल, गळ्यात साखळी, आणि दर शनिवारी दुपारी बास्केटबॉलच्या मशीनपुढे उभा राहून आपलं ज्ञान पाजळणार. बरं, नुसतं पाजळून थांबेल तर तो विग्बेर्तो कसला? त्याने चक्क अकरा नियम हिरव्या शाईने लिहून काढले होते आणि त्यांच्या झेरॉक्स प्रती त्या मशीनच्या दोन्ही अंगांना चिकटवल्या होत्या.

पहिला नियम होता, टर्बोचं, म्हणजे जोरात पळायचं बटण कधीही सोडू नका. चौथा होता, समोरच्याच्या हातात बॉल आला रे आला की उडी मारा. सातवा तर असा होता की नेरेइदाने पहिल्यांदा वाचला तेव्हा तिला कॉफीचा ठसकाच लागला: ‘बॉल टाकताना मनात विश्वास ठेवा.’ विश्वास! मशीनला काय कळणार तुझा विश्वास?

नेरेइदा चार वर्षं पार्लरच्या दाराशी काचेच्या खोक्यात बसून नोटांच्या बदल्यात पेसेता, म्हणजे मशीनमध्ये टाकायची पाव डॉलरची नाणी, देत होती. मशीन नेमकं समोर होतं, त्यामुळे चार वर्षांतला एकूण एक सामना तिच्या डोळ्यांखालून गेला होता. त्याआधी बावीस वर्षं तिने शाळेच्या ऑफिसात टायपिंग केलं होतं आणि दुसऱ्याची चूक शोधण्याची सवय बोटांत मुरली होती. टर्बो सतत दाबून धरला की तो चार सेकंदांत संपतो, मग आपला गडी म्हातारीसारखा लंगडत चालतो, हे तिला पहिल्याच महिन्यात दिसलं. टर्बो राखून ठेवायचा, आधी धक्का द्यायचा, मग बॉल काढून घ्यायचा, आणि उडी अगदी वर पोचली की मगच बटण सोडायचं. यात विश्वासाचा काय संबंध? आंधळ्यालाही दिसावं इतकं ते उघड होतं. पण ही सगळी माकडं त्या हिरव्या शाईकडे बघत खेळायची आणि हरली की मशीनला लाथा घालायची.

पण सगळ्यात मोठी गोष्ट तिला तिसऱ्या वर्षी कळली, आणि ती दुसऱ्या कुणालाच कळली नव्हती. मशीन पुढे असलेल्यावर रुसायचं. एखादा सहासात गुणांनी पुढे गेला की त्याचे हातचे बॉल कडीवर आपटून परत यायचे, आणि मागे पडलेल्याने अर्ध्या मैदानावरून डोळे मिटून फेकलेला बॉलसुद्धा जाळीत पडायचा. बनवणाऱ्याने मुद्दामच तसं केलं असणार, म्हणजे सामना अटीतटीचा होतो आणि दोघंही पुन्हा नाणं टाकतात. तेव्हा खरी युक्ती एकच. शेवटपर्यंत दोन गुणांनी मागे राहायचं, लोक हसले तर हसू द्यायचं, आणि शेवटच्या पाच सेकंदांत लांबून तीन गुणांचा बॉल टाकून मोकळं व्हायचं. सकाळी शटर अर्धं वर असताना तिने हे शंभरदा करून पाहिलं होतं. ती कधी हरली नव्हती. ही युक्ती तिने एकाच माणसाला सांगितली होती, ती म्हणजे यारेलिस.

यारेलिस तिच्या मेलेल्या बहिणीची मुलगी, तिला ‘तीती’, म्हणजे मावशी, म्हणणारी. नऊ वर्षांची असताना घरी आली ती आता एकवीसची झाली होती, आणि नर्सिंगच्या शेवटच्या सहामाहीचे तीन महिने तेवढे राहिले होते. आणि ह्या मुलीने, रक्त काढताना ज्या पोरीचा हात कधी थरथरला नाही त्या पोरीने, प्रेमात पडायला कोण शोधावा? तर प्रोफे.

गुरुवारी जेवताना यारेलिसने सांगितलं, “तीती, सोमवारी आम्ही ऑर्लँडोला जातोय. विग्बेर्तोच्या चुलतभावाचं तिथे मोठं पार्लर आहे. तो शिकवणार आहे तिथे.”

“काय शिकवणार? बूट घालायला?”

“तीती!”

“अगं, तीन महिने राहिलेत तुझे. तीन महिने! एवढं काय ऑर्लँडो पळून चाललंय?”

“तो म्हणतो, ही संधी पुन्हा येणार नाही.”

“तो म्हणतो. तो तर म्हणतो की विश्वास ठेवला की बॉल जाळीत पडतो.” नेरेइदाने भाताची वाटी तिच्याकडे सरकवली. “आणि तू काय म्हणतेस?”

यारेलिस भातातला राजमा काट्याने इकडून तिकडे करत राहिली. तिला त्या माणसाला नाही म्हणता येत नव्हतं, एवढं स्पष्ट होतं. मग नेरेइदानेच तासभर तोंडसुख घेतलं. विग्बेर्तोचे केस, त्याची साखळी, त्याची आई, काही म्हणजे काही सोडलं नाही. यारेलिसने ताट धुतलं आणि खोलीचं दार लावून घेतलं.

शनिवारी दुपारी तीन वाजता पार्लर गच्च भरलं होतं. विग्बेर्तो निरोपाचं भाषण देत होता. आपण गेल्यावर नियम विसरू नका, वगैरे. यारेलिस मशीनला टेकून उभी होती, हातात लिंबाच्या बर्फाचा पेला. नेरेइदाने काचेच्या खोक्याला कुलूप लावलं आणि गर्दीतून वाट काढत पुढे आली.

“प्रोफे,” ती म्हणाली, “एक सामना माझ्याशी.”

सगळे हसले. विग्बेर्तोने छातीवर हात ठेवला आणि मोठ्या बाईला आदराने लावायचं ते ‘दोन्या’ लावून म्हणाला, “दोन्या नेरेइदा, तुमच्याशी? मला पाप लागेल हो.”

“लागू दे. मी जिंकले तर ही डिसेंबरपर्यंत इथेच राहणार, शिक्षण पुरं करणार, मग काय तो गोंधळ घाला. हरले, तर सोमवारी ती जाईल आणि मी एका शब्दाने अडवणार नाही.”

“एका शब्दाने? तुम्ही?” विग्बेर्तो वळून सगळ्यांकडे बघायला लागला. “ऐकलंत ना रे? यासाठी तरी खेळलंच पाहिजे!”

“मी काय झुंजीतली कोंबडी आहे?” यारेलिस तडकली. “माझ्यावर पैज लावताय?”

यारेलिसने पेला मशीनवर ठेवला. ती मावशीकडे बराच वेळ बघत राहिली. मग हळू आवाजात म्हणाली, “ठीक आहे. मला मान्य आहे. तीती जिंकली तर मी थांबेन, हरली तर जाईन. माझा शब्द.”

“बघा, किती विश्वास आहे माझ्यावर,” विग्बेर्तो म्हणाला आणि नाणी टाकली.

पहिल्या डावात नेरेइदा दोन गुणांनी मागे राहिली. दुसऱ्यात एकदा चार झाले, तिने ते पुन्हा दोनवर आणले. विग्बेर्तो अपेक्षेप्रमाणेच खेळत होता, म्हणजे सुरुवातीला वादळासारखा धावायचा आणि मग टर्बो संपला की मैदानाच्या मध्यावर फरफटत राहायचा. त्याचा गडी नसत्या वेळी हवेत उडायचा आणि खाली येईपर्यंत ती त्याच्या बाजूने निघून जायची. दहा वेळा तिला त्याला पाणी पाजता आलं असतं. ती बॉल मुद्दाम कडीवर मारत होती. हात कसे शांत होते तिचे.

“दोन्या, बटण सोडू नका! पहिला नियम!” विग्बेर्तो खेळता खेळता ओरडत होता. “उडी मारा, उडी! अहो, झोप लागली का?”

पोरं खिदळत होती. नेरेइदा ओठ आवळून उभी होती. यारेलिस आता तिच्या शेजारी येऊन थांबली होती, इतकी जवळ की तिचा श्वास ऐकू येत होता. पडद्यावर शेवटचं दीड मिनिट राहिलं होतं. चव्वेचाळीस-बेचाळीस, विग्बेर्तो पुढे. सगळं अगदी हवं तसं चाललं होतं. आता फक्त मिनिटभर मूर्ख दिसायचं होतं.

विग्बेर्तोने एक हात सोडून केस सारखे केले. “हे बघा रे पोरांनो, हा बारावा नियम लिहून घ्या. चार वर्षं काचेतून बघून खेळ येत नसतो. मासा पण काचेतून सगळं बघतो, पण त्याला काही कळतं का?”

आख्खं पार्लर हसलं. मागे कुणीतरी तोंडाने माशासारखे बुडबुडे काढून दाखवले.

नेरेइदाच्या डोक्यात तिडीक गेली. मासा? मी मासा? ह्या चपलावाल्याने मला मासा म्हणावं? तिने त्याच्या गड्याला असा धक्का दिला की तो पडद्याबाहेर गेल्यासारखा वाटला, बॉल काढून घेतला, राखून ठेवलेला सगळा टर्बो एका दमात वापरला आणि छपराएवढी उडी मारून बॉल जाळीत कोंबला. चव्वेचाळीस-चव्वेचाळीस. हसू थांबलं. पुन्हा धक्का, पुन्हा बॉल, लांबून तीन गुण. मग दोन. मग आणखी दोन. एक्कावन्न-चव्वेचाळीस! “आई गं!” मागे कुणीतरी म्हणालं. विग्बेर्तोचं तोंड उघडंच राहिलं होतं, आणि ते नीट बघायला नेरेइदाने पडद्यावरून नजर काढली. चार वर्षांत एवढं गोड काही तिने पाहिलं नव्हतं.

“तीती,” यारेलिस कुजबुजली. “काय केलंस हे?”

अजून चाळीस सेकंद होते.

विग्बेर्तोने घाबरून अर्ध्या मैदानावरून बॉल भिरकावला. पडला जाळीत. नेरेइदा कडीखाली एकटी होती, अंगाला कुणी नाही, तिने बॉल कोंबला आणि तो कडीवर आपटून बाहेर आला. विग्बेर्तोने पुन्हा भिरकावला, तो बटण दाबताना मशीनकडे बघतही नव्हता. पुन्हा जाळीत. एक्कावन्न-पन्नास. तिने बॉल धरून वेळ काढायचं ठरवलं, तर मशीनने तो तिच्या गड्याच्या हातून निसटू दिला. शेवटचा सेकंद. विग्बेर्तोने स्वतःच्याच कडीखालून, उलट्या तोंडाने, बॉल वर फेकला.

त्रेपन्न-एक्कावन्न.

पोरांनी त्याला उचललं. “पहिला नियम!” तो वरून ओरडत होता. “शेवटपर्यंत टर्बो सोडला नाही! बघितलंत?”

ह्याला मशीनने जिंकवलं, हे शब्द नेरेइदाच्या अगदी ओठांवर आले होते. पण हरलेला प्रत्येक जण तिच्या काचेशी येऊन हेच सांगत आला होता आणि चार वर्षं ती प्रत्येकाला खो खो हसली होती. ती खोक्यात जाऊन बसली आणि पंधरा पेसेता मागणाऱ्याला वीस देऊन बसली.

सोमवारी सकाळी विग्बेर्तो विमानतळावर जायला गाडी घेऊन रस्त्यावर थांबला होता आणि दर मिनिटाला हॉर्न वाजवत होता. यारेलिस बॅगची चेन लावत होती. नेरेइदाने तिला वाटेत खायला पाव बांधून दिला. शनिवारपासून ती शब्दाला जागून एक अक्षर बोलली नव्हती.

“एक विचारू, तीती?” यारेलिसने मान वर केली नाही. “तुला मला थांबवायचं होतं, की त्याला पाडायचं होतं?”

खोटं बोलणं सोपं होतं. नेरेइदाने विचार केला. “पाडायचं होतं,” ती म्हणाली.

“युक्ती मला माहीत होती. तूच सांगितली होतीस.” यारेलिसने चेन उगाच उघडून पुन्हा लावली. “तू कशी हरणार? म्हणून तर मी हो म्हटलं. मला त्याला नाही म्हणता येत नव्हतं गं. तू जिंकली असतीस तर मला म्हणावंच लागलं नसतं. मिनिटभर त्याच्या मागे राहायचं होतं फक्त. मिनिटभर.”

नेरेइदा खुर्चीवर बसली. इतकी वर्षं जगाच्या चुका काढत बसलेल्या बाईला घरातल्या पोरीच्या डोळ्यांतलं एवढं साधं वाचता आलं नव्हतं.

“मग नको जाऊस,” ती म्हणाली.

“शब्द दिलाय सगळ्यांसमोर.”

बाहेर हॉर्न वाजला. यारेलिसने बॅग उचलली, दारापर्यंत गेली आणि पाठमोरीच थांबली. घराबाहेर पडताना धाकट्याने मोठ्याचा आशीर्वाद मागायचा, कितीही भांडण असो, हे तिच्याही हाडांत होतं.

“आशीर्वाद दे, तीती.”

“देव तुझं भलं करो,” नेरेइदा म्हणाली.

यारेलिसने बॅग खाली ठेवली. तिचे खांदे हलायला लागले आणि ती वळू लागली. आता नुसतं गप्प बसायचं होतं. उठायचं आणि हात पुढे करायचे. तेवढ्यात रस्त्यावरून पुन्हा हॉर्न वाजला, लांबलचक, आणि नेरेइदाच्या तोंडून निघून गेलं, “आणि त्या भोंगावाल्या दीडशहाण्याला थोडी अक्कल देवो.”

यारेलिसने बॅग उचलली.