उशिरा झेलायचा चेंडू

स्काउटने स्पीडगन पिशवीत टाकली आणि चेन ओढली, तेव्हा बेसबॉल सामन्याच्या नऊ इनिंगपैकी दुसरीही संपली नव्हती.

कोरिनने ते पाहिलं. करडी टोपी घातलेला, मोठ्या संघासाठी खेळाडू हेरायला आलेला तो माणूस तिच्यापासून तीन रांगा खाली, जाळीमागे बसला होता आणि सामना सुरू झाल्यापासून तिचा एक डोळा त्याच्यावरच होता. मांडीवरची तिची लेक मेव तिच्या मनगटावर हिरड्या घासत होती. पाच महिन्यांची, दात येत होते.

"संपलं," कोरिन म्हणाली.

"काय संपलं? आत्ता कुठे सुरू झालंय," मिसेस स्टाल्टर म्हणाल्या. उन्हाळाभर कोरिन, तिचा नवरा आणि मेव मिसेस स्टाल्टरांच्याच घरी वरच्या खोलीत राहत होते. संघातले सगळेच असे गावात कुणाकुणाकडे राहायचे.

"त्यानं गन ठेवून दिली."

"बरं झालं. मेली ती गन नजरेसमोर नकोच."

मैदानात तिच्या नवऱ्याने, अल्डनने, चेंडू टाकला. फळ्यावर वेगाचा आकडा उमटला : ताशी ६५ मैल. मागच्या रांगेतून कोणीतरी ओरडलं, "अरे, आजोबांना पाठवा! ते याहून जोरात टाकतील!" मिसेस स्टाल्टरनी वळून त्या माणसाकडे असं पाहिलं की त्याने हातातला हॉटडॉग तोंडात कोंबला.

तीन वर्षांपूर्वी याच हातातून चेंडू ताशी पंच्याण्णव मैलांनी सुटायचा. मग कोपर गेलं. दोनदा कापलं, दोनदा शिवलं, आणि मोठ्या संघाने काढल्याचं दोन ओळींचं पत्र आलं. गेल्या हिवाळ्यात कोरिनच्या वडिलांच्या गोठ्यात अल्डन नवाच चेंडू टाकायला शिकला. नखं कातड्यात रुतवून नुसता ढकलायचा, जराही फिरू न देता. असा चेंडू दिव्याभोवतीच्या पतंगासारखा भिरभिरत येतो. कुठे पडेल ते मारणाऱ्याला कळत नाही, झेलणाऱ्यालाही नाही. नकलबॉल म्हणतात त्याला. झेलायला दुसरं कोणी नव्हतं, म्हणून कोरिन झेलायची. मेवच्या वेळचा सहावा महिना लागेपर्यंत. मग अल्डननेच थांबवलं आणि भिंतीला गादी बांधली.

आज हंगामातला शेवटचा सामना होता. कोणी घेतलं नाही, तर उद्या सकाळी सहाला अल्डन तिच्या भावाबरोबर छपरं बसवायला जाणार होता. हे त्यानेच ठरवलं होतं, आणि तिच्या भावाला फोनही त्यानेच केला होता.

पण घोळ वेगळाच झाला होता. नेहमीच्या कॅचरचा, म्हणजे फलंदाजामागे बसून चेंडू झेलणाऱ्याचा, अंगठा परवा मोडला आणि त्याच्या जागी डेल्विन आला. दांडगा गडी, खांदे दारात मावणार नाहीत असे. पण असला चेंडू त्याने जन्मात झेलला नव्हता. तो पुढे झेपावत होता. हात नेला की चेंडू तिथून निघून जायचा. दोन चेंडू त्याच्या पायांमधून गेले, एक धाव गेली, आणि धावत जाळीपाशी चेंडू उचलायला येणाऱ्या त्या धिप्पाड माणसाला लोक हसले.

तिसऱ्या इनिंगमध्ये डेल्विनने मांडीआड बोटांची खूण केली. कोरिनला ती दिसली नाही, पण अल्डनने मान हलवली त्यावरून ती समजली. सरळ चेंडू मागितला होता, झेलता येईल असा. आणि अल्डनने होकार दिला. दुसऱ्या माणसाला चारचौघांत असं धावायला लावणं त्याला जमायचंच नाही.

सरळ चेंडू आता चौऱ्याऐंशीच्या वर जात नव्हता. समोरच्याने तो थेट कुंपणावर आपटला. दोन धावा. तीन-शून्य.

"हिला घ्या जरा," कोरिन म्हणाली.

बाबागाडीच्या खालच्या कप्प्यात तिचा ग्लोव्ह होता. जुन्या बाजारातून घेतलेला, नेहमीच्याहून बराच मोठा. मेवला त्याची चामड्याची वादी चघळायला आवडायची, म्हणून तो कायम बरोबर असायचा. कोरिन तो घेऊन पायऱ्या उतरली. स्काउटच्या पुढून जाताना तिने मान खाली घातली. इनिंग संपून खेळाडू बाकावर आले होते.

"डेल्विन."

"बोला वहिनी." त्याचा चेहरा पडलेला होता.

"हा घाल."

"हा ग्लोव्ह आहे का टोपलं?"

"टोपलंच लागतं. आणि पुढे जाऊ नकोस. हात मांडीवर ठेव, थांब. चेंडू कुठे जाणार ते त्याचं त्यालाच ठरलेलं नसतं, तू कशाला आधी ठरवतोस? अगदी शेवटी उघड."

"आणि नाही सापडला तर?"

"छातीवर घे. मी घेतलेत."

तो हसायला गेला आणि मध्येच थांबला. बाकाच्या टोकाला अल्डन कानशीने नख घासत बसला होता. त्याने मान वर केली नाही.

"ऐक तिचं," एवढंच म्हणाला.

अंपायरने टेप काढून ग्लोव्ह मोजला, दोनदा मोजला, आणि नाइलाज झाल्यासारखा परत दिला. नियमात बसत होता.

चौथ्या इनिंगचा पहिला चेंडू डेल्विनच्या छातीवर लागला. दुसरा खांद्यावर. तिसऱ्याला त्याने हात हलवलाच नाही, आणि चेंडू डगमगत येऊन ग्लोव्हमध्ये पडला. दमलेलं पाखरू घरट्यात येतं तसा. डेल्विनने ग्लोव्हमध्ये डोकावून पाहिलं.

समोरचे फलंदाज आधी हसत होते. मग हसेनासे झाले. एकाने बॅट इतक्या जोरात फिरवली की तो गुडघ्यावर बसला. फळ्यावर चौसष्ट, सहासष्ट, त्रेसष्ट असे आकडे येत राहिले आणि ते वाचायचं लोकांनी सोडून दिलं. सातव्या इनिंगमध्ये आपल्या संघाने चार धावा काढल्या, तेव्हा मिसेस स्टाल्टरनी पर्समधली गाईची घंटा काढून अशी वाजवली की मेव दचकून रडायला लागली, आणि मग घंटेसाठीच रडत राहिली.

नववी इनिंग. चार-तीन. दोन बाद, तिसऱ्या बेसवर, धावेच्या शेवटच्या टप्प्यावर, समोरचा माणूस. चेंडू डेल्विनच्या हातून सुटला तर तो धाव पुरी करणार आणि बरोबरी. फलंदाजाचे दोन स्ट्राइक झालेले, तिसरा झाला की तो बाद आणि सामना संपला. डेल्विनने खूण केली. अल्डन थांबला. कोरिनला वाटलं, सरळच मागितला असणार. मग तिला दिसलं, डेल्विन स्वतःच मान हलवत होता. आपलीच खूण त्याने पुसली आणि दुसरी केली.

चेंडू सुटला. आला, थबकल्यासारखा झाला, बॅटखाली बुडाला. डेल्विनचा हात मांडीवरच होता. मग नव्हता.

लोक उठून उभे राहिले. डेल्विन ग्लोव्ह डोक्यावर धरून नाचत होता. अल्डनने मात्र आधी वर, कोरिनकडे पाहिलं. गोठ्यात प्रत्येक चेंडूनंतर बघायचा, तसंच. चेंडू चांगला असला की ती ग्लोव्हवर दोनदा मूठ आपटायची. आत्ता ग्लोव्ह खाली होता. तिने तळहातावर मूठ आपटली, दोनदा.

"कोणत्या कॅचरनं झेलायला शिकवलं याला?"

करडी टोपी शेजारी उभी होती. कोरिनने मेवला डाव्या कडेवर घेतलं.

"तुम्ही गन ठेवून दिलीत," ती म्हणाली. म्हणायचं नव्हतं, तरी निघून गेलं.

"तिनं या चेंडूचं काय मोजणार होतो, बाई? आमचा कॅचरही उद्या असाच धावत सुटेल जाळीपर्यंत. म्हणून विचारतो. हिवाळाभर कोणी झेलले हे?"

"अगं सांग ना," मिसेस स्टाल्टर म्हणाल्या.

कोरिनने मेवची लाळ पुसली. स्काउटने निरोपाचा म्हणून हात पुढे केला. तिने उजवा हात दिला. अनामिका पेरापाशी मोडून वाकडी सांधलेली होती, कॅचरच्या उघड्या हाताची असते तशी. त्याने हातात हात तसाच ठेवून त्या बोटाकडे पाहिलं. मग खिशातली वही काढली. वरच्या ओळीत अल्डनचं नाव होतं, खाली दोन रेघा मारलेल्या.

"गुरुवारी सकाळी घेऊन या त्याला," पान उलटत तो म्हणाला. "ते टोपलंही आणा. आणि तुमचं नाव सांगा."