टिटवीचा पाय

टिटवी आमच्या घरी राहायला आली ती दोन महिन्यांसाठी. खेळाडूंच्या वसतिगृहाचं छत गळायला लागलं होतं, दुरुस्ती निघाली होती, आणि नवऱ्यानं मला न विचारताच तिला सांगून टाकलं, "आमच्याकडे एक खोली रिकामीच आहे." खोली रिकामी नव्हती. तिथे माझे सतरा वर्षांत साठलेले बूट होते, करंडक होते, पाय चोळायचा रोलर होता. मी सगळं खोक्यांत भरलं आणि खोकी पलंगाखाली ढकलली.

मी शंभर मीटर धावायचे. तेव्हा बत्तीस वर्षांची होते. माझी सगळ्यात चांगली वेळ अकरा पॉइंट चोपन्न, पण तिलाही सहा वर्षं होऊन गेली होती. नवरा मला शिकवायचा. लग्नाआधी शिकवायचा आणि लग्नानंतरही. मैदानावर मी त्याला 'सर' म्हणायचे आणि घरात 'अरे'. चुकून उलटं झालं की बाकीच्या पोरी खिदळायच्या. दिवसा मी पोस्टात काउंटरवर पार्सलं वजन करून घ्यायचे. नोकरी खेळाडू म्हणूनच लागली होती, त्यामुळे सरावाच्या वेळा सांभाळल्या जायच्या.

टिटवी एकोणीस वर्षांची. बाप ट्रक चालवायचा, आई शिवणकाम करायची. काड्यांसारखे पाय, आणि चालता चालता मध्येच दहा पावलं पळायची, मग थांबायची, म्हणून सगळे टिटवी म्हणायचे. पोरगी वाईट नव्हती, हे आधीच सांगते. आपलं ताट स्वतः घासायची. मला 'ताई, ताई' करत मागे मागे फिरायची. ओला टॉवेल मात्र दारावर टाकायची, आणि मी तो दोरीवर टाकताना मनातल्या मनात तिला शिव्यांची लाखोली वाहायचे. खरं तर राग टॉवेलचा नव्हताच.

पहिल्याच आठवड्यात आम्ही दोघी शेजारी शेजारी, पाय रोवायच्या ब्लॉकमधून सुटलो. तीस मीटरपर्यंतच पळायचं होतं. तीस मीटरपर्यंत माझ्यापुढे तोवर कुणी गेलं नव्हतं, वय झालं तरी सुटणं माझंच होतं. टिटवी माझ्याबरोबर उठली आणि तीस मीटरला खांदाभर पुढे होती. मी मागे वळून नवऱ्याकडे पाहिलं. हातातल्या स्टॉपवॉचची काच त्यानं अंगठ्यानं दोनदा पुसली.

ते काच पुसणं मला ठाऊक होतं. वेळ मनासारखी लागली की तो तोंडानं कौतुक करत नाही, काच पुसतो. मी चोवीस वर्षांची असताना त्यानं ती अशी पुसली होती आणि त्याच संध्याकाळी मला लग्नाचं विचारलं होतं. मागची तीन वर्षं माझी धाव संपली की तो घड्याळ सरळ खिशात टाकायचा.

कुणी वेडावाकडा अर्थ काढू नये. नवऱ्याचं त्या पोरीवर मन जडलं वगैरे काही नव्हतं. तसं असतं तर बरं झालं असतं, आदळआपट करता आली असती, माहेरी जाता आलं असतं. तो फक्त तिच्या पायांकडे बघायचा, जसा पूर्वी माझ्या पायांकडे बघायचा. जेवणं झाली की दोघं मोबाइलवर तिच्या सुटण्याची चित्रफीत मागे-पुढे करत बसायचे.

"इथे बघ, टाच खाली पडतेय."

"हो की, सर! आणि हात?"

"हात छान. हाताला हात लावू नकोस."

त्यावर दोघं हसायचे. मी भांडी विसळत असायचे. मला शिकवताना तो असा हसला होता का, हे आठवून बघायचे आणि नेमकं आठवायचं. हसला होता.

एकदा पोस्टात एक आजोबा रजिस्टर्ड पत्र घेऊन आले. माझ्याकडे निरखून बघत म्हणाले, "तुम्ही त्याच ना?"

सवयीनं मी मान डोलावली. लोक असं विचारायचे तेव्हा अजून बरं वाटायचं.

"ती धावणारी मुलगी तुमच्याकडेच राहते ना? पेपरात वाचलं. नशीबवान आहात हो."

मी पत्रावर शिक्का इतक्या जोरात मारला की शेजारच्या काउंटरवरची बाई दचकली.

मोठी स्पर्धा दुसऱ्या शहरात होती. माझी ती शेवटची, हे मी मनाशी ठरवलं होतं. नवऱ्याला सांगितलं नव्हतं, कारण तो 'नको गं, सोडू नकोस' म्हणाला नसता तर मला सोसलं नसतं. मैदानामागच्या इमारतीत टिटवीला आणि मला एकच खोली मिळाली. दोन लोखंडी पलंग आणि मध्ये एक खुर्ची.

दुसऱ्या दिवशी सकाळी साडेअकराला उपांत्य शर्यती झाल्या. टिटवी तिच्या शर्यतीत पहिली आली, मी माझ्या शर्यतीत दुसरी. फायनल चार वाजता होती. खोलीवर आलो तर टिटवी पलंगावर पालथी पडली आणि उशीत तोंड खुपसून म्हणाली, "ताई, एक सांगू? सरांना सांगायचं नाही."

"काय गं?"

"उजव्या मांडीत मागे काहीतरी ओढल्यासारखं झालं. शेवटच्या दहा मीटरला. जास्त नाही."

मी तिच्या पलंगावर बसले आणि मांडीच्या मागच्या बाजूनं अंगठा दाबत वर गेले. गुडघ्यापासून वीतभर वर तो लागला. सुपारीएवढा ताठर भाग, कडेला गरम. टिटवीनं श्वास रोखला. पंचविसाव्या वर्षी माझ्या मांडीत नेमका तिथेच असा खडा झाला होता. मी तशीच धावले होते आणि पुढचं अख्खं वर्ष घरी बसले होते. त्या अंगठ्याखाली काय आहे हे त्या इमारतीत माझ्याइतकं कुणाला कळलं नसतं.

"सरांना कळलं तर ते मला उतरू देणार नाहीत," ती म्हणाली. "बाबा गाडी सोडून आलेत, ताई. पहिल्यांदाच बघणार आहेत मला."

मी फक्त उठून दोन खोल्या पलीकडे जायचं होतं. तिथे नवरा होता, संघाचा फिजिओ होता.

"काही नाही गं," मी म्हणाले. "उपांत्य फेरीनंतर सगळ्यांचेच पाय भरून येतात. पड जरा."

"नक्की ना?"

"नक्की."

तिनं डोळे मिटले आणि पाच मिनिटांत झोपली. माझ्यावर विश्वास टाकून झोपली. मी खुर्चीवर बसून तिच्या पायांकडे बघत राहिले. मनात असं काही ठरवलं नव्हतं की ही पडावी. एवढंच वाटत होतं की एकदा, शेवटचं एकदा, ती थोडी हळू धावावी. आपल्या सोयीचं असलं की माणूस स्वतःला काहीही पटवून देतो. मीही दिलं. कदाचित खरंच नुसता भरून आला असेल, म्हटलं.

साडेतीनला सरावाच्या पट्टीवर नवरा माझ्याजवळ आला. टिटवी पलीकडे गुडघे उचलत होती.

"हिचं काही दुखतंय का? उजवा पाय जपून टाकतेय."

"घाबरलीय," मी म्हणाले. "पहिली फायनल आहे. मी नव्हते का अशी?"

तो हसला. "तू तर उलटी केली होतीस."

"मग?"

त्यानं मान हलवली आणि गेला. दुसरं खोटं पहिल्यापेक्षा सोपं गेलं.

टिटवी चौथ्या लेनमध्ये, मी पाचव्या. पिस्तूल वाजलं आणि माझं सुटणं असं जमलं, जसं कित्येक वर्षांत जमलं नव्हतं. तरी चाळीस मीटरला ती माझ्या डाव्या डोळ्याच्या कोपऱ्यात आली आणि साठला मीटरभर पुढे होती. तिची पाठ दिसत होती. मग ती पाठ एकदम उंच झाली. तिनं उजवी मांडी हातानं धरली, एका पायावर दोन उड्या मारल्या आणि माझ्या नजरेतून मागे पडली. एक किंकाळी ऐकू आली. मी थांबले नाही. शंभर मीटरमध्ये कुणीच थांबत नाही, असं मी नंतर पुष्कळ वेळा स्वतःला सांगितलं आहे.

अकरा पॉइंट एकाहत्तर. पहिली.

आणि खरं सांगायचं तर आधी आनंद झाला. तिची किंकाळी कानात असताना फलकावर माझा क्रमांक सगळ्यात वर दिसला आणि मी दोन्ही हात वर केले. तो फोटो पेपरात आला. माझ्या मागे, जरा धूसर, लेनमध्ये बसलेली टिटवी दिसते.

वैद्यकीय खोलीत डॉक्टर म्हणाले, स्नायू अर्ध्याहून जास्त फाटलाय, सहा महिने धावणं बंद, पुढचं पुढे. तिचा बाप भिंतीला टेकून उभा होता, हातात प्रवासाची पिशवी तशीच. नवरा टिटवीवर ओरडला. मी त्याला कुठल्याही पोरीवर असं ओरडताना ऐकलं नव्हतं.

"आधी दुखत होतं की नाही? खरं सांग! कुणाला बोलली होतीस?"

टिटवीनं माझ्याकडे पाहिलं. डोळे सुजले होते. "कुणाला नाही, सर. माझंच चुकलं."

मला वाचवायला ती खोटं बोलली. मी तिथे गळ्यात पदक घालून उभी होते आणि गप्प राहिले.

घरी परतल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी नवऱ्यानं चहा केला. कप माझ्यापुढे ठेवत म्हणाला, "मला वाटलं होतं तू संपलीस. तोंडानं बोललो नाही, पण वाटलं होतं. तुझी माफी मागतो."

तीन वर्षं मी ह्याच वाक्यासाठी जीव टाकत होते. ते आलं आणि मी कप बाजूला सरकवला.

"मला माहीत होतं," मी म्हणाले.

"काय?"

"तिचा पाय. तिनं मला बाराला सांगितलं. मी हात लावून पाहिलं होतं."

त्यानं हातातला कप खाली ठेवला. "मी साडेतीनला विचारलं, तेव्हा?"

"तेव्हाही माहीत होतं."

"का गं?"

घड्याळाची काच पुसलीस म्हणून? मी म्हणाले, "तू तिच्याकडे बघतोस तसं माझ्याकडे बघत नाहीस."

तो उठला. दाराशी थांबून एवढंच बोलला, "हे तिला तू सांगायचं. मी सांगणार नाही."

टिटवी खोलीत पाय उशीवर ठेवून पडली होती. मी उभ्या उभ्याच सांगितलं. बसायची हिंमत झाली नाही. ती रडेल, भांडेल असं वाटलं होतं. तिनं एकच विचारलं, "तुम्ही दाबलंत, तेव्हाच कळलं होतं तुम्हाला?"

"हो."

"आणि मी झोपले."

संध्याकाळी तिचा बाप येऊन तिला घेऊन गेला. कुबड्या, एक बॅग आणि दारावरचा टॉवेल. त्यानं माझे आभार मानले, कारण तिनं त्यालाही काही सांगितलं नव्हतं. बरी झाल्यावर ती दुसऱ्या प्रशिक्षकाकडे गेली. आमच्या घराशी संबंधच नको, असं तिला वाटलं असेल तर त्यात नवल नाही. पण त्यात नवऱ्याच्या हातची सगळ्यात चांगली धावपटू गेली, आणि त्याचा काडीचाही दोष नव्हता. तो मला त्याबद्दल एक शब्द बोलला नाही. मैदानावरून मात्र उशिरा यायला लागला, आणि घरी धावण्याचा विषय काढीनासा झाला. मी धावणं सोडलं. 'नको गं' तो म्हणाला नाहीच.

सव्वा वर्षानंतर त्याच मोठ्या स्पर्धेत मी कॉल रूममध्ये काम करायला गेले. शर्यतीआधी मुलींना तिथे जमवतात, छातीवरचा क्रमांक तपासतात, बुटांचे खिळे जास्त लांब नाहीत ना ते बघतात. ते बघणं माझ्याकडे होतं. फायनलच्या आठ जणी बाकावर बसल्या. सहावी टिटवी होती. अंगानं भरली होती, केस कापले होते. तिनं काही न बोलता बूट उचलून दाखवला. मी पट्टी लावून खिळे मोजले. गरजेपेक्षा जास्त वेळ मोजत राहिले.

"पाय कसा आहे?" मी विचारलं.

"बरा आहे." मग जरा थांबून म्हणाली, "आता दुखलं की मी थेट डॉक्टरांना सांगते."

आवाजात राग नव्हता. "बरोबर आहे," मी म्हणाले आणि पुढच्या मुलीकडे वळले.

शर्यत मी दारातून पाहिली. साठ मीटरला मी तिच्या उजव्या मांडीकडेच बघत होते. ती मात्र सरळ, न बिचकता पुढे निघाली आणि कुणी जवळही आलं नाही. फलकावर आकडा आला: अकरा पॉइंट एकोणपन्नास. माझ्या आयुष्यातल्या सगळ्यात चांगल्या धावेपेक्षाही वेगवान.

ती बरी झाली म्हणून जीव भांड्यात पडला, हे खरंच. पण त्याच क्षणी तीच जुनी असूया वर आली. मला वाटलं होतं, एवढं सगळं झाल्यावर ती तरी जाईल. तिळभरही कमी झाली नव्हती. पलीकडच्या कठड्याशी नवरा उभा होता. तो तिच्याकडे बघत होता आणि माझ्याकडे त्यानं एकदाही पाहिलं नाही. मी टाळ्या वाजवल्या. तळहात चुरचुरेपर्यंत वाजवल्या, कुणी बघत नव्हतं तरी.

मागे बाकावर दोनशे मीटरच्या मुली येऊन बसल्या होत्या, बूट हातात घेऊन. मी पट्टी उचलली आणि पहिलीला म्हणाले, "दाखव गं."