पाठमोरा कोट

मित्रांनो, माझ्या कोपरांवर ठिगळं आहेत, काळा रंग तपकिरीकडे झुकलाय, तरी मला चिंधी समजू नका. मी सतरा चित्रपटांत काम केलेला कोट आहे. नायकाचा नव्हे हो, नायकाच्या मागे उभ्या असलेल्या माणसाचा!

माझा जन्म अमरावतीचा. माझा मालक हेमचंद्र वकिलीची परीक्षा पास झाला, तेव्हा त्याच्या वडलांनी, बापूसाहेब वकिलांनी, मला खुशालराव शिंप्यांकडून शिवून घेतलं आणि स्वतःच्या हातांनी त्याच्या अंगावर चढवलं. वर्षभर आम्ही दोघं त्यांच्यामागून कोर्टात जात होतो. मग १९५३ साली हेमचंद्र मला घेऊन पुण्याला गेला, सिनेमात! माझा मुलगा वकील होता, नट माझा कोणी नाही, असं बापूसाहेब म्हणाले. पुढची आठ वर्षं त्यांनी एक ओळ लिहिली नाही. पत्रं यायची ती आईची, रमाबाईंची. हेमचंद्र आधी पत्राचा शेवट बघायचा, वडलांची सही आहे का म्हणून. ती नसायची.

बाकी स्टुडिओत आमचं बरं चाललं होतं. मी कधी डॉक्टर झालो, कधी स्टेशनमास्तर, चारदा नायिकेचा मामा. एक वाक्य बोलायला आम्ही दिवसभर तयार होऊन बसायचो. हेमचंद्र त्यातही खूश असे.

१९६१ साली नशीब फळफळलं. वकिलाची भूमिका मिळाली, चांगलं पानभर भाषण! न्यायाधीशांच्या मागे लगेच भिंत होती, म्हणून कॅमेरा कोर्टाच्या दाराशी मांडला होता. दिग्दर्शक म्हणाले, भाषण कॅमेऱ्याकडे तोंड करून करा. हेमचंद्र अडून बसला. न्यायाधीशांकडे पाठ करून कोणी वकील बोलत नाही, म्हणाला. दिग्दर्शकांनी समजावलं, रागावले, शेवटी हात टेकले. मग चेहरा दिसणार नाही, माझ्या नावानं खडे फोडू नका, एवढं बजावलं. झालंही तसंच. भाषणभर पडद्यावर दिसलो तो मी, मागून! हेमचंद्र हिरमुसला. मी मात्र, खोटं कशाला बोलू, फुलून गेलो.

पुढे थंडीत चित्रपट अमरावतीला लागला. हेमचंद्र घरी न कळवताच आला आणि मला घालून दुपारच्या खेळाला बसला. पाहतो तर पुढच्याच रांगेत रमाबाई, आणि त्यांनी हट्टानं आणलेले बापूसाहेब! शेजारी दर्यापूरचा सूर्यभान, त्यांचा पक्षकार, तारखेला आलेला. हेमचंद्रनं माझी कॉलर वर करून मान आत ओढली. वडील मधूनच उठून गेले तर?

भाषण सुरू झालं. सूर्यभान कुजबुजला, "वकीलसाहेब, पोराचं तोंड काहून नाई दाखवत?"

बापूसाहेब म्हणाले, "कोर्टाकडे पाठ कशी करेल, सूर्यभान? माझा मुलगा आहे तो."

खेळ सुटल्यावर ते उठले, वळले आणि आम्हाला बघून थबकले. त्यांनी माझी कॉलर सरळ केली आणि जेवायला घरी चल म्हणाले. रमाबाई डोळे पुसत होत्या.

आता मी त्याच घरात खुंटीवर सुखात आहे. मित्रांनो, जुन्या कपड्यांना ऊन दाखवा, कसरीपासून जपा, हे तर सांगतोच. पण सिनेमा बघताना कडेला उभ्या असलेल्या माणसाकडेही जरा बघत जा. तेवढ्याशा कामासाठी त्याच्या घरचं कोणीतरी तिकीट काढून आलेलं असतं.