तीस रेघा

ओग्वाल सुतार दवाखान्यात आला, तेव्हा कपाटात मॉर्फिनची एकच बाटली उरली होती. आदल्या दिवशी तीन होत्या. पण गावचे अध्यक्ष एबोंग आईसाठी आले. म्हातारीला ओग्वालसारखाच कॅन्सर, तिला एक देणं भागच होतं. "अजून एक असू द्या सिस्टर, सांडलीबिंडली तर?" म्हणाले. माझी बदली त्यांच्या हातात. दिली.

बाटली दहा दिवसांची, आणि कंपालाहून औषधांची गाडी कधी येईल याचा नेम नाही. मी ओग्वालला म्हटलं, "बाबा, ही महिनाभर पुरवा. थोडं थोडं घ्या."

"लाकूड कमी पडलं म्हणून मी कधी दार अर्धं बसवलंय का?" तो हसला. खिशातून खिळा काढून त्याने तिथेच बाटलीवर सारख्या अंतराने तीस रेघा ओढल्या. मी वर त्याच्या हाताचं कौतुक केलं. लाज कशी वाटली नाही मला.

गाडी नवव्या दिवशी आली. बारा बाटल्या. संपली की ओग्वाल निरोप धाडेल, असं मी धरून चालले. त्याचं घर चार मैलांवर, माझ्याकडे सायकल होती. अध्यक्षांच्या आईकडे मात्र आठवड्यातून दोनदा जात होते, त्यांची मोटारसायकल न्यायला यायची. म्हातारी शांत झोपलेली असायची.

विसाव्या दिवशी ओग्वाल गेला. त्याला पुरून झाल्यावर त्याची बायको आवोर दवाखान्यात आली. टोपलीत भुईमुगाच्या शेंगा होत्या, माझ्यासाठी. शेंगांवर बाटली. तळाशी दहा रेघांचं औषध शिल्लक.

"परत द्यायला सांगितलं होतं त्यांनी," ती म्हणाली. "दुसऱ्या कुणाच्या कामी येईल."

खूप दुखत होतं का, मी विचारलं. विचारायला नको होतं.

"शेवटी चादर चावायचे. मी म्हटलं, घ्या अजून घोटभर. तर म्हणाले, सिस्टरला शब्द दिलाय, तिच्याकडे तरी कुठे आहे." तिने डोळे पुसले. "रेघ ओलांडली नाही त्यांनी. एकदाही नाही."

ती अभिमानाने सांगत होती. माझ्यामागे औषधांचं कपाट उघडं होतं. मी मागे सरकले आणि पाठीने त्याचं दार लावून घेतलं.