दाराला कुणी हात लावला नाही

मी एक जुने दार आहे. साध्या सागाचे, एका झडपेचे. वेताच्या खुर्च्या विणणाऱ्या एका माणसाने आपल्या दुकानासाठी मला करून घेतले, तेव्हा समोरचा रस्ता अरुंद होता आणि लोकांना घाई कमी होती. आता माझ्या बिजागऱ्या कुरकुरतात. खरे सांगायचे तर बोलायचाही कंटाळा येतो. पण मित्रांनो, माझ्यावरचा हा फिकट चौकोन कसला, असे तुम्ही विचारता, म्हणून सांगते.

दुकान लहानसे, थंड आणि अंधारे होते. लोक नाक मुरडत, पण वेताला तशीच जागा लागते. उन्हात तो तडकतो. धनी गेल्यावर त्यांच्या बायकोने काम हाती घेतले. तिला सगळे मावशी म्हणत. भिजलेल्या वेताचा वास आणि गिऱ्हाइकांना मारलेले तिचे टोमणे यांतच माझी वर्षे गेली. "खुर्ची खचली की बसणाऱ्याचं पोट सुटलं, ते आधी ठरवून या," असे ती म्हणे.

मग रस्ता रुंद करायचे ठरले आणि नगरपालिकेने दुकानाला अतिक्रमण म्हटले. मावशी कोर्टात गेली. निकाल लागेपर्यंत पाडापाडी करू नये, अशी स्थगिती मिळाली. वकीलबाईंनी आदेशाची एक प्रत नगरपालिकेत दिली आणि एक दारावर लावायला सांगितली. मावशीने खळ शिजवून ती माझ्यावर चिकटवली. आता वाऱ्याचीही बिशाद नाही, असे तिला वाटले.

एके दिवशी ती वेत आणायला गेली असताना पाडणारी माणसे आली. मुकादमाने कागद वाचला, डोके खाजवले आणि नगरपालिकेतल्या साहेबांना फोन लावला. मग माणसांना म्हणाला, "कोर्टाचा कागद आहे. दार जपून उतरवा. ओरखडा नको."

त्यांनी माझ्या बिजागऱ्यांना तेल घातले. आजारी माणसाला उचलावे तसे मला उचलून शेजारच्या भिंतीला टेकवले. आणि उरलेले दुकान पाडले. माझी एवढी बडदास्त कधी कुणी ठेवली नव्हती, आणि एवढी लाजही मला कधी वाटली नव्हती.

मावशी परतली. सवयीने तिचा हात माझ्या कडीकडे गेला. तिने कडी काढली. माझ्यामागे शेजाऱ्याची भिंत होती.

तिने न्यायालयाच्या अवमानाचा अर्ज केला. तारखा पडत गेल्या. साहेबांचे म्हणणे एकच, की आदेश ज्या दारावर होता ते सहीसलामत आहे. न्यायाधीशांनाही हसू आले म्हणतात. मावशीला आले नाही. मी पावसात फुगले, उन्हात वाळले. कागद गळून पडला, खळीचा हा फिकट चौकोन राहिला. मावशी ताडपत्रीखाली विणायला बसे. वेत तडके, बोटे सोलत. गिऱ्हाइके हळूहळू प्लास्टिककडे वळली.

शेवटी तुरुंगाची भाषा निघाली, तेव्हा साहेबांनी बिनशर्त माफी मागितली आणि दुकान होते तसे बांधून द्यायचे कबूल केले. मूळ दावा अजून चालूच आहे. पण त्या दिवशी वकीलबाई खूश होत्या. "मावशी, जिंकलो आपण," त्या म्हणाल्या. मावशीने दिलेले उत्तर त्या अजून सगळ्यांना सांगतात.

"माफी त्यांनी कोर्टाची मागितली. पाडलं होतं माझं."

दुकान उभे राहिले. मला पुन्हा बसवले, पण फुगल्यामुळे मी चौकटीत अडकते. मावशी पहिला वेत भिजत घालत होती तेव्हा बांधकाम पुरे झाल्याची सही घ्यायला साहेब आले. मी उघडेना, म्हणून ते खांद्याने रेटू लागले.

"कोण आहे ते?" आतून आवाज आला. "कडी वाजवा."

साहेब थांबले. मग त्यांनी कडी वाजवली. एकदाच, हळू. मावशी लगेच उठली नाही. हातातला वेत तिने पुरता बुडवला, हात पुसले, आणि मग सावकाश मला उघडले.

मित्रांनो, मला रंग द्या, तेल घाला, असे मी म्हणत नाही. माझे काय, मला तर सगळ्यांनीच जपले. कागदाला जपता तसे त्यामागच्या माणसाला जपा. आणि कुणाच्याही दाराशी गेलात तरी आधी कडी वाजवा. आत कुणीतरी काम करत असते.